ड्यू डेट एकदाच ठरवा, पण लवकर ठरवा

गरोदर बाईच्या फाइलमध्ये आठव्या महिन्यापर्यंत बाळंतपणाच्या तीन-चार तारखा जमा होतात. पहिल्या सोनोग्राफीच्या रिपोर्टवर १४ जून, पाचव्या महिन्याच्या रिपोर्टवर १९ जून आणि आठव्या महिन्यात थेट २ जुलै. मग घरात प्रश्न पडतो की यातली खरी कुठली. बहुतेकांना वाटतं, शेवटचा रिपोर्ट ताजा आहे, तोच बरोबर असणार. प्रत्यक्षात सर्वांत आधीच्या रिपोर्टवर जास्त विश्वास ठेवायचा असतो.

मशीन बाळाचं वय मोजत नाही, आकार मोजतं, आणि त्या आकाराचं बाळ सरासरी किती आठवड्यांचं असतं ते सांगतं. पहिल्या तीन महिन्यांत सगळी बाळं जवळपास सारख्याच वेगाने वाढतात, म्हणून आकारावरून वय चार-पाच दिवसांच्या फरकाने कळतं. पुढे आईवडिलांची चण, वारेचं काम, आईचा रक्तदाब, साखर या सगळ्यांचा बाळाच्या वाढीवर परिणाम होतो. शेवटच्या तीन महिन्यांत हाच अंदाज तीन आठवडे इकडेतिकडे असू शकतो.

सुरुवात पाळीच्या तारखेपासून. डॉक्टर ‘एलएमपी’ विचारतात तो शेवटच्या पाळीचा पहिला दिवस, पाळी संपली तो दिवस नाही. नीट रक्तस्राव सुरू झाला तो दिवस धरायचा. आदल्या दिवशी नुसते डाग दिसले असतील तर ते धरायचे नाहीत. तारीख आठवत नसेल तर अंदाजाने ‘पाच तारीख असेल’ किंवा ‘पंधरा’ असं सांगू नका. लोक अशा वेळी ५, १०, १५ असे सोपे आकडे सांगतात आणि तिथेच चार-पाच दिवसांची चूक शिरते. त्यापेक्षा सणवार आठवा. संकष्टीचा उपास होता का, घरात गौरी बसल्या होत्या म्हणून बाजूला बसावं लागलं का, फोनवर त्या दिवशीचे फोटो आहेत का. ७ सप्टेंबर २०२५ च्या रात्री खग्रास चंद्रग्रहण होतं, अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशी. ‘ग्रहणाच्या दिवशीच पाळी आली’ हे एखादीला पक्कं आठवत असेल तर ती नोंद कुठल्याही अंदाजापेक्षा भक्कम आहे.

सर्वांत चांगली नोंद मात्र त्या त्या महिन्यात, त्याच दिवशी केलेली. पुण्याच्या केईएम रुग्णालयाच्या संशोधकांनी १९९३ पासून जवळच्या सहा गावांत माता-पोषणाचा जो अभ्यास केला, त्यात दिवस राहण्याच्या आधीपासूनच घरोघरी जाऊन दर महिन्याला पाळीची तारीख लिहून घेतली जात होती. घरच्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर पेनाने केलेली एक खूणही तेच काम करते. मोबाइलवरच्या ॲपमध्ये तारीख भरत असाल तर एक पाहा: काही ॲप महिना आधी आणि दिवस नंतर घेतात. ७/९ हे त्यांना ९ जुलै वाटतं आणि हिशेब दोन महिन्यांनी चुकतो. महिन्याचं नाव अक्षरात दिसेल अशीच नोंद करा.

आता गणित. शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून २८० दिवस, म्हणजे ४० आठवडे. दवाखान्यात तोंडी हिशेब करतात तो असा: नऊ महिने पुढे जा आणि सात दिवस मिळवा. जर्मन प्रसूतितज्ज्ञ नेगेले यांच्या नावाने हा नियम ओळखला जातो. ७ सप्टेंबर २०२५ पासून नऊ महिने म्हणजे ७ जून २०२६, त्यात सात दिवस, म्हणजे १४ जून. दिवस मोजून पाहिले तरी बरोबर २८० भरतात. पण दर वेळी असं जुळत नाही, कारण महिने कधी ३० चे, कधी ३१ चे, फेब्रुवारी २८ चा. १० मेच्या पाळीसाठी नियम १७ फेब्रुवारी सांगतो. २८० दिवस मोजले तर १४ फेब्रुवारी येते. एकाच बाईला डॉक्टर एक तारीख आणि ॲप दुसरी सांगतं, त्यात अनेकदा एवढंच कारण असतं. शक्य असेल तेव्हा दिवस मोजा.

घरातली मोठी माणसं मराठी महिन्यांनी मोजतात आणि त्यात तथ्य आहे. चांद्रमास साधारण साडेएकोणतीस दिवसांचा. नऊ चांद्रमास म्हणजे २६६ दिवस, आणि गर्भधारणेपासून बाळंतपणापर्यंतचा सरासरी काळही २६६ दिवसच. पाळीपासून धरलं तर साडेनऊ चांद्रमास. म्हणजे पौर्णिमेला पाळी आली असेल तर तारीख अमावास्येच्या आसपास पडते. फसगत होते ती अधिक महिन्यात. २०२६ साली १७ मे ते १५ जून अधिक ज्येष्ठ आहे. भाद्रपद पौर्णिमेपासून, म्हणजे त्याच ७ सप्टेंबरपासून, साडेनऊपैकी पहिले नऊ महिने मोजताना कुणी अधिक महिना सोडून निज ज्येष्ठ पौर्णिमा धरली, तर ३१ मेच्या जागी २९ जून येते आणि अख्खा एक महिना वाढतो. तिथीने मोजायचं तर अधिक महिनाही मोजायला हवा. बाळ तो सोडून देत नाही.

हे सारं गणित पाळी २८ दिवसांनी येते आणि बीज चौदाव्या दिवशी सुटतं असं धरून चालतं. पाळी नियमित ३५ दिवसांनी येत असेल तर बीज साधारण २१ व्या दिवशी सुटतं, म्हणून तारखेत सात दिवस मिळवायचे. २४ दिवसांनी येत असेल तर चार दिवस वजा. कधी ३० तर कधी ५० दिवसांनी पाळी येत असेल, पीसीओडी (बीजकोषांचा विकार) असेल, गर्भनिरोधक गोळ्या नुकत्याच बंद केल्या असतील किंवा अंगावर पाजत असताना दिवस राहिले असतील, तर पाळीवरून काढलेली तारीख नुसती फाइलमध्ये लिहून ठेवण्यापुरती. तिच्यावर निर्णय घेऊ नयेत.

आणखी एक चूक वारंवार होते. गर्भ रुजताना काही जणींना एक-दोन दिवस थोडं अंगावरून जातं. ते नेमकं पाळीच्या अपेक्षित तारखेजवळ येतं, म्हणून तीच पाळी समजली जाते. मग खरी तारीख जूनमधली असताना जुलैमधली सांगितली जाते. नेहमीपेक्षा फारच कमी, डागांपुरती ‘पाळी’ झाली असेल तर डॉक्टरांना आवर्जून सांगा आणि त्याच्या आधीच्या पाळीची तारीखही द्या.

आता सोनोग्राफी. तारीख ठरवायला सर्वांत चांगला काळ आठव्या ते चौदाव्या आठवड्याच्या दरम्यानचा. महिना चुकला की लगेच, पाचव्या आठवड्यात धावत जाण्याची घाई बरीच जण करतात. तेव्हा नुसती पिशवी दिसते. पिशवीच्या मापावरून तारीख ठरवू नये. अशा वेळी दहा-पंधरा दिवसांनी पुन्हा बोलावतात ते योग्यच आहे. बाळ दिसू लागलं की त्याची डोक्यापासून ढुंगणापर्यंतची लांबी मोजतात. रिपोर्टवर तो आकडा ‘सीआरएल’ नावाने मिलिमीटरमध्ये असतो. तारीख याच आकड्यावरून ठरते, म्हणून रिपोर्ट हातात आला की आधी तो शोधा. ८४ मिलिमीटरच्या पुढे हे माप उपयोगाचं राहत नाही; मग डोक्याचा घेर, पोटाचा घेर, मांडीच्या हाडाची लांबी घ्यावी लागते.

सीआरएल घेतानाही चुका होतात. बाळाने हनुवटी छातीला टेकवलेली असेल तर लांबी कमी भरते, मान मागे टाकलेली असेल तर जास्त. हनुवटी आणि छातीमध्ये थोडं पाणी दिसायला हवं. सहा-सात आठवड्यांत शेजारची पिवळी पिशवी (योक सॅक) चुकून मापात आली तर वय वाढतं. चांगले सोनोलॉजिस्ट तीनदा मोजून सरासरी घेतात आणि बाळ वाकडं असेल तर बाईला थोडं चालून यायला सांगतात. त्या दहा-पंधरा मिनिटांसाठी कुरकुर करू नका. नवव्या आठवड्याच्या आधी एका मिलिमीटरच्या चुकीने साधारण एक दिवस हलतो. बाराव्या आठवड्यात अर्धा.

पाळीची तारीख आणि सोनोग्राफीची तारीख जुळली नाही तर काय करायचं, याची ठरलेली मापं आहेत. अमेरिकन स्त्रीरोगतज्ज्ञांच्या संघटनेची २०१७ सालची शिफारस अशी: पहिली सोनोग्राफी ९ आठवडे पूर्ण होण्याआधी झाली असेल आणि फरक पाच दिवसांहून जास्त असेल, तरच तारीख बदलायची. ९ ते १६ आठवड्यांच्या आत सात दिवसांहून जास्त, १६ ते २२ च्या आत दहा, २२ ते २८ च्या आत चौदा, आणि २८ च्या पुढे एकवीस दिवसांहून जास्त फरक हवा. यापेक्षा कमी फरक असेल तर पाळीची तारीख तशीच ठेवायची.

उदाहरण घेऊ. पाळी ७ सप्टेंबर २०२५, सोनोग्राफी २० नोव्हेंबरला. पाळीप्रमाणे त्या दिवशी ७४ दिवस, म्हणजे १० आठवडे ४ दिवस. सीआरएल २४ मिलिमीटर आला, म्हणजे बाळ ९ आठवडे १ दिवसाचं. फरक दहा दिवसांचा, सातपेक्षा जास्त. तेव्हा तारीख १४ जूनवरून २४ जूनवर गेली. हिची पाळी ३५ दिवसांनी येते असं कळलं, तर या दहापैकी सात दिवसांचं कारणही मिळतं. आता ही २४ जून फाइलच्या पहिल्या पानावर आणि माता-बाल संरक्षण कार्डावर ठळक लिहायची आणि विषय बंद करायचा.

विषय बंद करणं फार महत्त्वाचं आहे. समजा, पुढे ३६ व्या आठवड्यात बाळाचं माप ३३ आठवड्यांचं भरलं. इथे ‘तारीख पुढे गेली’ असं म्हणून घरी गेलं की बाळाची वाढ खुंटल्याची खूण पुसली गेली. वारेतून रक्त कमी जात असेल, डॉप्लर (रक्तप्रवाह पाहणारी सोनोग्राफी) करायला हवं असेल, ते राहून जातं. उलट, आईला मधुमेह असेल तर बाळ मोठं भरतं. खरे ३५ आठवडे असताना मशीन ३८ दाखवतं, आणि त्या भरवशावर मुहूर्त काढून सिझेरियन झालं तर फुप्फुसं तयार नसलेलं बाळ काचेच्या पेटीत जातं. वैद्यकीय कारण नसेल तर ठरवून केलेलं सिझेरियन ३९ आठवडे पूर्ण होण्याआधी नको. मुहूर्त बघायचाच असेल तर त्यानंतरच्या दिवसांत बघा, आणि आठवडे सुरुवातीच्या सोनोग्राफीनंतर ठरलेल्या तारखेप्रमाणेच मोजा.

आयव्हीएफ (टेस्ट ट्यूब पद्धत) झालं असेल तर अंदाजाचं कामच नाही. पाच दिवसांचा गर्भ सोडला त्या दिवसापासून २६१ दिवस, तीन दिवसांचा असेल तर २६३. १ जानेवारी २०२६ ला पाच दिवसांचा गर्भ सोडला तर तारीख १९ सप्टेंबर. ही सोनोग्राफीवरून बदलायची नसते. जुळी असतील तर मोठ्या बाळाचा सीआरएल धरतात.

पाचव्या-सहाव्या महिन्यात पहिल्यांदाच दाखवायला येणाऱ्या बायका आजही आहेत. बांधकामावर, ऊसतोडीवर असलेल्या तर बऱ्याच. २२ आठवड्यांच्या आत एकही सोनोग्राफी झालेली नसेल तर तारीख कच्ची धरतात. तरी हातात काहीच नाही असं नसतं. डोक्याच्या मागच्या भागातल्या लहान मेंदूची (सेरिबेलम) रुंदी हे माप बाळाची वाढ खुंटली तरी फारसं बिघडत नाही, ते सोनोलॉजिस्टकडून मोजून घेता येतं. तीन-चार आठवड्यांनी पुन्हा सोनोग्राफी करून वाढीचा वेगही पाहतात. बाळाची पहिली हालचाल कधी जाणवली, पोट कुठवर आलं, यावरून ढोबळ अंदाज येतो. तारीख ठरत नाही.

पहिलं बाळंतपण माहेरी करण्याची आपल्याकडे पद्धत. नाव पुण्यात महापालिकेच्या दवाखान्यात घातलेलं आणि सातव्या महिन्यानंतर बाई सोलापूरला किंवा लातूरला. जाताना शेवटचा रिपोर्ट पर्समध्ये आणि पहिला कपाटात, असं करू नका. नव्या डॉक्टरांना पहिलाच लागतो. त्याचा फोटो दोन फोनांत ठेवा. विचारल्यावर ‘नववा लागलाय’ सांगू नका. ‘आज ३६ आठवडे २ दिवस’ असं सांगा, म्हणजे ३६ पूर्ण आणि वर दोन दिवस.

नेमक्या तारखेला फार थोडी बाळं येतात. ३७ आठवडे पूर्ण झाल्यापासून बॅग भरून ठेवा आणि तारीख उलटली तर बाळाच्या हालचालींवर लक्ष ठेवत दवाखान्याच्या संपर्कात राहा. हालचाल कमी वाटली तर दुसऱ्या दिवसाची वाट न बघता जा. ४१ आठवडे पूर्ण झाले की कळा आणाव्यात अशी जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस आहे, पण वय खात्रीचं असेल तरच. वरच्या उदाहरणात ते ४१ आठवडे १ जुलैला भरतात. पाळीच्या तारखेवर अडून राहिलो असतो तर २१ जूनलाच सलाइन लावलं असतं, आणि त्या दिवशी बाळ असतं ३९ आठवडे ४ दिवसांचं.