उष्ण हवेतला बीच

बीच हे मुळात थंड, ओलसर हवेचं झाड. युरोपातला बीच दक्षिणेला पार सिसिलीपर्यंत पोहोचतो, पण तिथेही तो एटना ज्वालामुखीच्या उंच, गार उतारांवर राहतो, खालच्या रखरखीत पट्ट्यात उतरत नाही. मग जिथला उन्हाळा कोरडा आणि कडक आहे, तिथे कुणी हौसेनं बीच लावला असेल तर? आमच्या इथल्या घराच्या अंगणात असे दोन आहेत, एक जुना आणि एक अजून कोवळा. इथे राहायला आल्यापासून माझा जीव त्या दोघांत गुंतलाय. फोटो पाहून तुम्ही विचारता, की एवढं काय जपायचं एका झाडाला, म्हणून आज सविस्तर लिहिते.

बीचच्या जंगलात डोक्यावर पानांचं छत इतकं दाट असतं की जमिनीवर ऊन क्वचितच पोहोचतं. खाली पाचोळ्याचा थर आणि त्याखाली गार, भुसभुशीत माती. पाणी शोषणाऱ्या बारीक मुळ्या बहुतेक या वरच्याच थरात पसरलेल्या असतात. ओक किंवा पाइनची साल वयानुसार जाड, भेगाळ होते. बीचची मात्र म्हातारपणीही पातळ आणि गुळगुळीत राहते. अंगणात एकट्या उभ्या झाडाच्या मुळांवर आणि खोडावर थेट ऊन येतं, आणि ते त्याला सोसत नाही. म्हणून माझं ठाम मत आहे, की उष्ण हवेत बीचला पाण्याच्याही आधी गार जमीन द्यावी.

ती देणं अवघड नाही. झाडाखालचं गवत हळूच काढायचं, पण खोल खणायचं नाही, कारण मुळ्या अगदी वरच असतात. मग लाकडाचा भुगा नको, तर लाकडाचे तुकडे किंवा कुजलेला पाचोळा 5 ते 8 सेंटीमीटर जाड पसरायचा. बुंध्याभोवती वीतभर जागा मोकळी ठेवायची. आच्छादन खोडाला टेकलं की साल सतत ओली राहते आणि कुजायला लागते. पडलेली पानं झाडून नेऊ नका, एवढं मी घरी येणाऱ्या प्रत्येकाला सांगते. झाडाखाली गाडी लावणं, खुर्च्या टाकून रोज बसणं, हेही टाळावं. माती दबली की मुळांना हवा मिळत नाही, आणि मग वरून कितीही पाणी घाला, ते वाहून जातं.

आता पाणी. रोज संध्याकाळी पाइप धरून पाच मिनिटं शिंपडणं हा सगळ्यात वाईट प्रकार. वरची दोन बोटं माती ओली होते आणि सकाळी उन्हात सुकूनही जाते. कोवळ्या झाडाला मी रुंद आळं केलंय. पाइप अगदी बारीक सोडून पहाटे पाणी मुरू देते, फूटभर खाली ओल जाईपर्यंत. दोन-तीन मीटर उंचीच्या झाडाला कडक उन्हाळ्यात एका वेळी 20 ते 30 लिटर, आठवड्यातून एकदा-दोनदा, असा साधारण अंदाज. पण खरा निर्णय खुरपीचा. आच्छादन बाजूला सारायचं, खुरपी सरळ खाली घालायची आणि वीतभर खालची माती हातात घ्यायची. मुठीत दाबल्यावर गोळा होऊन बोटानं फुटली तर वाफसा, म्हणजे हवी तेवढीच ओल, आहे, पाणी नको. चिकटून राहिली तर आणखी थांबायचं. भुरभुर सांडली तर त्याच दिवशी द्यायचं. जुन्या झाडाला बुंध्याशी पाणी घालून उपयोग नसतो. फांद्यांचा घेर जिथे संपतो तिथे आणि त्याच्या थोडं बाहेरपर्यंत, लांबलेल्या कोरड्या दिवसांत दोन-तीन आठवड्यांतून एकदा भरपूर भिजवायचं.

पानांच्या कडा करपल्या की हात आपोआप पाइपकडे जातो. तिथेच सावध व्हायला हवं. तुंबलेल्या पाण्यात बीचची मुळं लवकर कुजतात, आणि कुजल्या मुळांचं झाडही तहानेल्या झाडासारखंच मलूल दिसतं. माती ओली आणि पानं लोंबलेली, असं दिसलं तर पाणी बंद करून निचरा पाहायचा. भर उन्हाळ्यात नत्राचं खतही नकोच. कोवळी फूट येते आणि तीच आधी होरपळते.

खोडाची काळजी मात्र बहुतेक लोक विसरतात. खालच्या फांद्या छाटून झाड ‘नीटनेटकं’ करण्याचा मोह इथेही फार. पण त्याच फांद्या खोडावर सावली धरतात. त्या एकदम काढल्या की दुपारच्या उन्हाच्या बाजूला साल भाजते, तडकते, आणि त्या जखमेतून बुरशी आत शिरते. फांदी काढणं भागच असेल, तर उघड्या खोडाला पांढरा रंग किंवा गोणपाट लावावं. तांबड्या पानांचा बीच आवडत असेल तर त्याला दुपारची सावली द्या, तीव्र उन्हात त्याचा रंगही फिका पडतो. पानांखाली पांढरा, कापसासारखा मावा (रस शोषणारी बारीक कीड) दिसतो. तो पाण्याच्या फवाऱ्यानं धुऊन टाकला की बहुतेकदा पुरतं.

पाऊस परतला म्हणून लगेच हात आखडता घेऊ नका. बीचची पुढच्या वसंतातली बरीचशी फूट या उन्हाळ्यातच कळ्यांत तयार होत असते, त्यामुळे आत्ता बसलेला ताण पुढच्या वर्षी दिसतो. 2018 च्या उष्ण, कोरड्या उन्हाळ्यात मध्य युरोपातल्या कितीतरी बीचांनी ऐन उन्हाळ्यात पानं गाळली, आणि अनेक झाडांचे शेंडे त्यानंतरच्या वर्षांत वाळले. म्हणून पानगळ होईपर्यंत माती चाचपत राहायची आणि कोरडी लागली तर पाणी द्यायचं. कोवळं झाड हिवाळाभर वाळकी पानं फांद्यांवर धरून ठेवतं, ते मेलं असं समजून उपटू नका. शंका आली तर फांदीवर नखानं किंचित खरवडून पाहा. आत हिरवं असेल तर झाड जिवंत आहे.