आवाज बंद करून

घरातले सगळे झोपले की मी मोबाइलवर सिनेमा लावते आणि आवाज बंद करते. इयरफोनने कान दुखतात, आणि आमच्या सासूबाईंची झोप कुकरच्या शिट्टीने मोडत नाही, पण मोबाइलच्या कुजबुजीने हमखास मोडते. ‘मेट्रोपोलिस’ला ही सवय चांगली मानवली. १९२७चा जर्मन मूकपट, संगीत सोडलं तर ऐकायचं काही सुटत नाही. कामगार मान खाली घालून लिफ्टने जमिनीखाली जातात, आणि त्यांच्या वस्तीबद्दलची अक्षरंही पडद्यावर खाली खाली सरकत जातात. मग वरच्या बड्यांच्या पोरांच्या बागेची गोष्ट निघाली की अक्षरं वर चढतात. बघता बघता मला प्रश्न पडला, कोणी बोलतच नाही तर पटकथाकार लिहितो काय?

लिहितो नाही, लिहिते. थेया फॉन हारबू. १८८८चा बव्हेरियातला जन्म. १९०६मध्ये ड्युसेलडॉर्फला रंगभूमीवर उभी राहिली, पुढे वायमार, केमनिट्झ, आखन अशी नाटकांमागून फिरली. आखनला रुडॉल्फ क्लाइन-रोगं हा नट भेटला, १९१४मध्ये त्याच्याशी लग्न. ते मोडल्यावर १९२२मध्ये दिग्दर्शक फ्रिट्झ लांगशी. ‘मेट्रोपोलिस’मधला पिसाट शास्त्रज्ञ म्हणजे हाच क्लाइन-रोगं. पहिला नवरा दुसऱ्या नवऱ्याच्या सिनेमात, आणि त्याची भूमिका लिहिणारी ही! आपल्याकडच्या मालिकेला एवढ्यावर दोन वर्षं पुरली असती.

मला वाटतं, बाई माणसाचं अंग लिहीत होती. मान किती झुकवायची, पाऊल कुठे अडखळायचं, हे रंगमंचावर उभं राहिलेल्या माणसाला आतून ठाऊक असतं. पण सिनेमा कुणाचा म्हटलं की लांगचा. लेखकाचं नाव येतं तेव्हा आपण उशी सारखी करत असतो.

बाईची बाजू घ्यावी म्हटलं तर पुढचं गिळवत नाही. १९३३मध्ये घटस्फोट झाला, लांग जर्मनी सोडून गेला. ही राहिली, नाझी पक्षाची सभासद झाली आणि त्या राजवटीत लिहीत राहिली. आणि त्याच काळात हिचं गुपचूप लग्न होतं आयी तेंडुलकरांशी! आपल्याकडच्या छोट्या गावातून जर्मनीला शिकायला गेलेला, बर्लिनमध्ये पत्रकार म्हणून नाव काढलेला हा माणूस हिच्यापेक्षा सतराएक वर्षांनी लहान. भारतातल्या संस्थानी थाटाची कादंबरी तिने १९१८मध्येच लिहिली होती, खरा मराठी माणूस नंतर भेटला. भारतीय विद्यार्थ्यांना तिने मदत केली, तेंडुलकरांना मायदेशी परतायचा सल्लाही तिनेच दिला. इथे त्यांनी इंदुमती गुणाजींशी लग्न केलं, तेही थेयाच्या संमतीने. ज्या पक्षाच्या राज्यात भारतीयाशी लग्न उघड करायची सोय नव्हती, त्याच पक्षाचं सभासदपत्र हिच्याकडे. हे एका कपाळात कसं मावलं असेल?

युद्धानंतर इंग्रजांनी तिला छावणीत ठेवलं. सुटल्यावर तिने बर्लिनमध्ये ढिगारे उपसले. १९५४मध्ये तिचाच १९२१चा एक मूकपट पुन्हा दाखवला, तेव्हा मानाची पाहुणी म्हणून गेली. बाहेर पडताना पडली, खुब्याला मार लागला, आणि १ जुलैला गेली.

काल तिचा आणि लांगचा ‘एम’ लावला. १९३१चा, बोलपट. त्यातला खुनी शिट्टीवर एक सूर वाजवतो आणि फुगे विकणारा आंधळा त्याला त्यावरून ओळखतो, म्हणजे आवाज हवाच. झक मारत तो चालू केला, अगदी बारीक. शाळेतून न आलेल्या पोरीला आई हाका मारते, ‘एल्सी! एल्सी!’ पडद्यावर मात्र माणूसच नाही. रिकामा जिना. माळ्यावर वाळत घातलेले कपडे. टेबलावर मांडून ठेवलेली कोरी ताटली. झुडपातून घरंगळत आलेला चेंडू. विजेच्या... नाही, टेलिफोनच्या तारांत अडकलेला फुगा.

बाहेरच्या खोलीतून सासूबाईंचा आवाज आला, “कोण कुणाला हाक मारतंय गं एवढ्या रात्री?”