निरोप मी दिला होता

रविवारपासून तेच डोक्यात आहे. अण्णा सगळ्यांसमोर म्हणाले, "एक निरोप सांगायचा होता, तेवढंही जमलं नाही तुला." निरोप मी दिला होता. कोणाकडे दिला ते सांगितलं असतं तर सगळं वहिनीवर गेलं असतं म्हणून गप्प बसले. ओरडले त्याचं नाही एवढं, पण एकानंही विचारू नये, काय गं, नक्की काय झालं?

काल झोप येईना म्हणून 'ओरोची' हा जपानी सिनेमा लावला, १९२५ चा, त्सुमासाबुरो बांदो या नटाचा. मूकपट आहे पण मागे बेन्शीचा आवाज होता. तेव्हा जपानात थेटरात पडद्याशेजारी उभं राहून बेन्शी सगळ्या पात्रांचं बोलायचे. तर यातला नायक हेइझाबुरो, गुरूच्या मुलीची, नामिएची बदनामी करणाऱ्यांवर धावून जातो आणि गुंड हाच ठरतो, त्याला हाकलून देतात. पुढे दरवेळी तेच, करायला जातो चांगलं आणि जातो तुरुंगात. सिनेमाचं मूळ नावही गुंड, मवाली अशाच अर्थाचं होतं, ते सेन्सॉरमुळे बदलावं लागलं. म्हणजे सिनेमालाही त्याचं म्हणणं त्याच्या शब्दात मांडता आलं नाही.

बेन्शी बोलतो ते आपल्याला ऐकू येतं, पण त्या गावातल्या लोकांना कुठे येतं? मला तर बेन्शीही नाही. इथे रडले मी.

शेवटी नामिए आणि तिचा आजारी नवरा ज्याच्या तावडीत सापडलेत त्याला हा मारतो, मग शिपायांशी ती लांबच लांब लढाई, केस सुटलेले, पाय लडखडतायत. बांधून नेतात तेव्हा गर्दीला तो खुनीच दिसतो. फक्त ती दोघं हात जोडतात. एवढ्या गावात दोघंच. मी ते तीनदा मागे नेऊन पाहिलं. पुरतं का एवढं? त्याला पुरलं असेल का?

रविवारी निघताना वहिनीनं डबा दिला होता. तो तसाच पिशवीत होता, आज उघडला. ओल्या नारळाच्या करंज्या. मला आवडतात म्हणून केल्या असणार, त्या घरात दुसरं कोणी खातच नाही. तिला ठाऊक आहे तर. सगळ्यांसमोर बोलली असती तर... जाऊ दे. तिथं बोलणं तिला जमणारं नाही, हे मला आधीपासून माहीत होतं, म्हणून तर गप्प बसले ना.

दोन खाल्ल्या. डबा घासून ठेवलाय, गुरुवारी जाईन तेव्हा परत देईन.