ओबेलिस्क चोरायला किती वेळ लागतो?

परवा झोप येत नव्हती म्हणून ‘सिन्ये फ्युराक्स’ लावला, १९८१चा फ्रेंच पिक्चर. नावाचा अर्थ साधारण ‘खाली सही, फ्युराक्स’ असा. आता स्टोरी सांगतो, हसू नका. फ्रान्समधली मोठमोठी स्मारकं कोणीतरी पळवतंय आणि त्यांच्या जागी डिट्टो नकली उभी करतंय, संशय अर्थात अट्टल गुन्हेगार फ्युराक्सवर, आणि या सगळ्यामागे निघतो बाबू नावाचा एक पंथ, जो चक्क रक्ताच्या सॉसेजची पूजा करतो!! पवित्र सॉसेज!

हे मूळचं रेडिओचं. पिएर दाक आणि फ्रान्सिस ब्लांश या दोन अवलियांनी १९५१ पासून लिहिलेली मालिका, मध्ये खंड पडला, मग १९५६ ते १९६० युरोप १ या रेडिओ स्टेशनवर, सगळे मिळून हजाराच्या वर भाग. डेली सोप म्हणा हवं तर, फक्त रडारड शून्य.

आणि माझी गोची इथेच झाली. पॅरिसच्या प्लास द ला काँकॉर्द चौकातला ओबेलिस्क, म्हणजे इजिप्तच्या लक्सरहून आणून १८३६ साली उभा केलेला, २३ मीटर उंच आणि २०० टनांच्या वर वजनाचा दगडी स्तंभ, तो रेडिओवर एका वाक्यात गायब होतो की हो. ‘अरे, ओबेलिस्क गेला!’ झालं, गेला. बाकीचं आपलं डोकं करतं, फुकटात. पिक्चरमध्ये मात्र ते दाखवावं लागतं, आणि दाखवलं की आपण बघायला लागतो की हा सेट आहे, ती दाढी चिकटवलेली आहे वगैरे. जोक तोच, पण हवा गेलेला.

म्हणजे पिक्चर टाकाऊ आहे का, तर नाही. बर्नार हालेर फ्युराक्स म्हणून मस्त तिरपागडा आहे, गालाब्रू नुसता समोर आला तरी मला हसू फुटतं, कोल्यूशसुद्धा आहे, मिलेन दमोंजो आहे (दिग्दर्शकाची बायको, आणि दिग्दर्शक स्वतः डिटेक्टिव्ह कादंबऱ्या लिहिणाऱ्या जॉर्ज सिमेनॉनचा मुलगा, म्हणजे घरातच डिटेक्टिव्ह). पण दाक आणि ब्लांश तोवर गेले होते, ब्लांश १९७४ ला, दाक १९७५ ला, आणि ते जाणवतं.

कारण या दोघांची सगळी जादू बोलण्यात. त्यांचं रबींद्रनाथ दुव्हालचं स्किट ऐका, १९५७चं. दाक मनातलं ओळखणारे ‘भारतीय’ महाराज, ब्लांश त्यांचा चेला. चेला विचारतो, या साहेबांचा बँकेतला खातेनंबर सांगू शकाल? महाराज म्हणतात, हो. खरंच सांगू शकाल? हो. मग चेला पब्लिककडे वळून ओरडतो, सांगू शकतात हो!! आणि टाळ्या. नंबर शेवटपर्यंत सांगतच नाहीत!

आता जुने रेडिओ भाग डोळे मिटून ऐकतोय. फ्रेंच अर्धंच कळतं, पण ओबेलिस्क एकदम खरा दिसतोय.