ईटन स्क्वेअर एवढा महाग का?

ऑफिस सुटलं की मी व्हिक्टोरिया स्टेशन गाठायच्या आधी बरेचदा ईटन स्क्वेअरवरून चक्कर मारते. लंडनमधल्या सगळ्यात महागड्या पत्त्यांपैकी हा एक, आणि मला आधी वाटायचं शांतता असेल म्हणून भाव असेल, पण मधून चक्क मोठा रस्ता जातो, गाड्या सतत चालू.

२०० वर्षांपूर्वी तर इथे पाणथळ शेतं होती, फाइव्ह फील्ड्स म्हणायचे, अंधार पडल्यावर लुटारूंची भीती. १६७७ मध्ये थॉमस ग्रोव्हनर नावाच्या एका जमीनदाराचं लग्न मेरी डेव्हिसशी झालं, पोरगी फक्त १२ वर्षांची (हे वाचून मला कसंतरीच झालं), आणि ही जमीन तिच्याकडून ग्रोव्हनर घराण्यात आली. पुढे १८२०च्या दशकात शेजारच्या बकिंगहॅम हाउसचा राजवाडा व्हायला लागला, तशी या दलदलीला किंमत आली. थॉमस क्युबिट नावाच्या बिल्डरने इथलीच चिकणमाती काढून विटा भाजल्या आणि खड्डे भरायला सेंट कॅथरीन डॉक्स (लंडनमधली जहाजांची गोदी) खोदताना निघालेली माती आणली.

पण माझ्या मते खरी गोम पुढे आहे. ग्रोव्हनरांनी जमीन विकलीच नाही, लीजवर दिली, मुदत संपली की घरासकट परत त्यांच्याकडे! मालक एकच त्यामुळे नियम पण एकच, कोणी वर मजला चढवला, कोणी दार निळं केलं असं चालणारच नाही, म्हणून तर अख्खी ओळ अजून तशीच पांढरी, खांबाखांबांची दिसते. १९६७ आणि १९९३ च्या कायद्यांनी बऱ्याच लीजवाल्यांना घर विकत घ्यायचा किंवा मुदत वाढवून घ्यायचा हक्क दिला, तरी बाहेरून घर कसं दिसावं यावर ग्रोव्हनरांच्या इस्टेटचा (म्हणजे त्यांची मालमत्ता सांभाळणाऱ्या संस्थेचा) ताबा बऱ्यापैकी राहिलाच.

आणि मधल्या बागा! एवढी मोठाली झाडं, पण गेटला कुलूप, किल्ली फक्त रहिवाशांकडे. मला याचा खरंच राग येतो. त्यात हिवाळ्यात चारनंतर अंधार पडतो तेव्हा बघा, कितीतरी खिडक्यांत दिवाच नसतो, घरं घेऊन ठेवलीत पण राहतंय कोण.

मला मागच्या म्यूज गल्ल्याच जास्त आवडतात. तिथे पूर्वी तबेले होते, वर कोचमनची बिऱ्हाडं, आता तीसुद्धा लाखो पौंडांना जातात, पण काही दारं अजून घोडागाडी आत जाईल एवढी रुंद आहेत.