३३ हरले, २७ जिंकले

१० जून २०२२. राज्यसभेच्या सहा जागा आणि सात उमेदवार. महाराष्ट्रात ही निवडणूक वर्षानुवर्षं बिनविरोध होत आली होती, त्यामुळे माझ्या वयाच्या वार्ताहरांना तिचं मतदान बघायला मिळालंच नव्हतं. विधान भवनात सकाळपासून आमदारांची रीघ. भाजपचे आमदार मुक्ता टिळक आणि लक्ष्मण जगताप गंभीर आजारी होते, तरी रुग्णवाहिकेतून आले. पक्षबिक्ष बाजूला, मला त्या दोघांबद्दल फार आदर वाटला.

पाचला मोजणी सुरू व्हायची, पण आक्षेप आले. इथे पक्षाच्या आमदाराने मतपत्रिका आपल्याच पक्षाच्या प्रतिनिधीला दाखवून पेटीत टाकायची असते. भलत्याला दाखवली तर मत बाद. तक्रारी दिल्लीला निवडणूक आयोगाकडे गेल्या आणि आम्ही ताटकळलो. मध्यरात्र उलटल्यावर कळलं, शिवसेनेच्या सुहास कांदेंचं मत बाद. वैध मतं उरली २८४.

पहाटे निकाल कळवला, तर डेस्कवरच्या मुलीचा लगेच फोन. "सर, शिवसेनेच्या संजय पवारांना ३३, भाजपच्या धनंजय महाडिकांना २७, आणि महाडिक विजयी? आकडे उलटे झालेत का?"

"आकडे बरोबर आहेत. कागद घे."

तिला सांगितलं, आमदार उमेदवारांना पहिली, दुसरी अशी पसंती देतो, आणि हे आकडे फक्त पहिल्या पसंतीचे. प्रत्येक मताचं मूल्य १००. एकूण २८,४००, भागिले सात (सहा जागा आणि वर एक), अधिक एक: कोटा, म्हणजे जिंकायला लागणारा आकडा, ४,०५८. भाजपच्याच पीयूष गोयल आणि अनिल बोंडे यांना प्रत्येकी ४८ मतं, म्हणजे ४,८००. कोट्यावर उरलेले प्रत्येकी ७४२ वाया जात नाहीत, दुसऱ्या पसंतीप्रमाणे पुढे सरकतात. महाडिकांच्या २,७०० मध्ये या दोघांची शिल्लक पडली आणि ते कोटा ओलांडून गेले.

"आणि पवार?"

त्यांचे ३,३००. काँग्रेसच्या इम्रान प्रतापगढींकडे ४४ मतं, राष्ट्रवादीच्या प्रफुल्ल पटेलांकडे ४३, शिवसेनेच्याच संजय राऊतांकडे ४१. आघाडीतल्या या तिघांची शिल्लक मिळून ६२६. सगळीच्या सगळी पवारांना मिळाली असती, तरी ३,९२६.

पलीकडे पेन चालल्याचा आवाज येत होता. मग ती म्हणाली, "म्हणजे ४८-४८ मतं ठरवून दिली होती."

अगदी बरोबर. आपण निवडून दिलेले आमदार आपल्या वतीने हे मत देतात, आणि आपण मात्र टीव्हीवर फक्त पहिल्या पसंतीचे आकडे बघतो, हे मला तेव्हाही खटकलं आणि आजही खटकतं. दहाच दिवसांनी विधान परिषदेची निवडणूक होती. कोट्याचं गणित आम्ही या खेपेला मतदानाच्या आदल्या दिवशीच चौकटीत छापलं.