पंचमीला दोन रात्री

रविवार, रात्री

धाकट्या जावेचं नवं आधारकार्ड आज आलं. पत्ता आमच्या घरचा, बेळगावचा, आडनाव माहेरचंच. नाव बदलायचं नाही असं तिनं लग्नाआधीच सांगितलं होतं. गळ्यात मंगळसूत्र, हातात हिरवा चुडा ती हौसेनं घालते. या दोन गोष्टी तिला एकमेकींच्या आड येतात असं कधी वाटलेलं नाही, आणि मलाही आता वाटत नाही.

पत्ता बदलणं मात्र गरजेचं होतं. 11 जून 2023 पासून कर्नाटकात बायकांना सरकारी साध्या गाड्यांत मोफत प्रवास आहे, पण ओळखपत्रावर पत्ता कर्नाटकातला हवा. हिचं माहेर महाराष्ट्रातल्या चंदगड तालुक्यात, त्यामुळे इतके दिवस कंडक्टर तिच्याकडून पूर्ण तिकीट घ्यायचे. आता बाचीपर्यंत शून्य तिकीट, पुढं हद्द ओलांडून शिनोळी, तिथून महाराष्ट्राच्या एसटीत अर्धं. सीमेवरच्या बायकांना हा हिशोब तोंडपाठ असतो.

पैसे थोडेच वाचतात. पण आमच्या आईच्या वेळी माहेरी जायचं म्हणजे आधी गाडीभाडं मागायचं. मागितलं की कशाला, किती दिवस, परत कवा, ही सरबत्ती ठरलेली. पंचमीला भाऊ मुराळी म्हणून न्यायला आला तरच बाई निश्चिंतपणे उंबरा ओलांडायची. ज्यांना भाऊ नव्हता त्यांनी सण कसे काढले असतील, हा विचार मला फार छळतो. आता ती मागणी संपली. माहेरची ओढ, तंबिटाचे लाडू, झोके, नागाला लाह्या-दूध, सगळं आहे तसंच आहे, आणि ते मला हवं आहे.

सासूबाईंचंही तसंच. रेशनकार्डावर कुटुंबप्रमुख म्हणून त्यांचं नाव, त्यामुळे कर्नाटक सरकारच्या गृहलक्ष्मी योजनेचे महिना 2000 रुपये त्यांच्या खात्यावर येतात. सौंदत्तीला यल्लम्माच्या डोंगरावर जाताना त्या आता मुलांपुढं हात पसरत नाहीत. देवीला खण स्वतःच्या पैशाचा नेतात. त्या दिवशी त्यांचा चेहरा बघण्यासारखा असतो.

अडतं ते संध्याकाळी. सकाळी बाहेर पडलेली बाई, मग ती खानापूरहून येणारी नर्स असो की खडेबाजारातल्या दुकानातली मुलगी, चारनंतर घड्याळ बघायला लागते. घरी पोचून भाकऱ्या थापायच्या असतात. बस फुकट झाली, पण चुलीपुढची हजेरी कुणी माफ केली नाही. परंपरा म्हणतात ती हीच असेल तर तिच्याबद्दल मला जराही प्रेम नाही. देवाधर्माशी तिचा काही संबंध नाही; दुसऱ्याला आयतं ताट मिळावं एवढाच तिचा अर्थ.

जेवताना मी सांगून टाकलं. पंचमीला आम्ही दोघी जावा माहेरी जाणार, दोन रात्री राहणार. घरातले दोघे भाऊ गप्प. सासूबाईच बोलल्या, "जावा गे दोघी. मी कवा ऱ्हायलो दोन रात्री?"

मग ह्यांनी विचारलं, भाकरीचं काय. म्हटलं, पीठ डब्यात आहे, तवा शेगडीवर आहे. जमलं तर थापा, नाहीतर खानावळीतून आणा. आदल्या रात्री भाजी चिरून, डाळ शिजवून फ्रीजमध्ये ठेवायची नाही, असं आम्ही दोघींनी ठरवलंय.